घरातली दुसरी गर्भवती

नापासराव हे काही त्यांचं खरं नाव नव्हे. आईवडिलांनी चांगलं भारदस्त नाव ठेवलं होतं, पण गाडी चालवायचा परवाना देणाऱ्या कार्यालयात ते परीक्षक म्हणून लागले आणि ते नाव फक्त पगाराच्या पावतीवर उरलं. उमेदवाराच्या शेजारी बसायचं, मांडीवर गुणांचा कागद ठेवायचा, आणि गाडी मागे घेताना चाक पांढऱ्या रेषेला नुसतं शिवलं तरी "या पुढच्या महिन्यात" म्हणायचं, हे त्यांचं काम. निम्म्या शहराला त्यांनी एकदा तरी रडवून घरी पाठवलं होतं. उरलेल्या निम्म्याला गाडी चालवायचीच नव्हती.

बरं, त्यांना याचं काही वाईट वाटायचं म्हणाल तर छे! उलट अभिमान. "परीक्षा म्हणजे परीक्षा. घाबरणाऱ्यानं यावंच कशाला?" हे त्यांचं लाडकं वाक्य. उमेदवाराचा पाय क्लचवर थरथरायला लागला की ते हमखास हे वाक्य टाकायचे आणि वर सीटला टेकून शांतपणे पेनाचं टोपण काढायचे. आता मात्र ते हीच सगळी हकिगत चारचौघांत स्वतःहून सांगतात, आणि सांगताना स्वतःला इतकं झोडपतात की ऐकणाऱ्यालाच दया येते. म्हणून तर आपल्याला कळली. नाहीतर घरातली गोष्ट कशाला बाहेर येते?

तर झालं असं, की बायकोला दिवस गेले. लग्नाला बरीच वर्षं झाली होती, आशा सोडून दिल्यासारखीच होती, त्यामुळे घरात आनंदाला पारावार उरला नाही. बायको चष्म्याच्या दुकानात डोळे तपासायची. शांत बाई. दिवसभर माणसांना "हे नीट दिसतं की हे?" असं विचारून विचारून तिच्या आवाजाला एक धीर आला होता. डॉक्टरीणबाईंनी पहिल्याच भेटीत रक्ताच्या ढीगभर तपासण्या लिहून दिल्या, ती दुकानात जाता जाता मोठ्या रुग्णालयात रक्त देऊन आली, आणि विषय संपला असं सगळ्यांना वाटलं.

पुढच्या भेटीला डॉक्टरीणबाईंनी दोघांनाही समोर बसवलं.

"घाबरू नका, पण नीट ऐका," त्या बायकोला म्हणाल्या. "तुम्ही थॅलेसेमियाच्या वाहक आहात. म्हणजे तुम्हाला स्वतःला आजार नाही, कधी होणारही नाही. पण बाळाचे वडीलही वाहक असले, तर बाळाला तो दोष दोन्हीकडून मिळायची शक्यता चारात एक. आणि तसं झालं तर त्या मुलाला जन्मभर दर थोड्या दिवसांनी दुसऱ्याचं रक्त चढवत राहावं लागतं. म्हणून आता यांचं रक्त तपासायचं. आणि याच आठवड्यात, कारण हेही वाहक निघाले तर बाळाची तपासणी वेळेवर व्हायला हवी."

"माझं?" नापासराव हसले. "माझं कशाला? मला काय झालंय?"

"त्यांना तरी काय झालंय?" डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "तरी निघालंच ना?"

आता इथे एक गोष्ट सांगून टाकायला हवी, जी नापासरावांनी तोवर कुणालाच सांगितली नव्हती. हा माणूस सुईला भ्यायचा. साधंसुधं नव्हे. लहानपणी शाळेत लस टोचायला माणसं आली तेव्हा हे वर्गाच्या खिडकीतून बाहेर पडले होते ते थेट संध्याकाळी घरी सापडले. बायको शर्टाचं बटण लावायला बसली तरी हे काहीतरी निमित्त काढून दुसऱ्या खोलीत जायचे. पण शहराला घाम फोडणाऱ्या परीक्षकानं हे सांगायचं कुणाला? आणि कोणत्या तोंडानं?

परत येताना गाडीत त्यांनी वेगळाच सूर लावला. "पहिलीच तपासणी, आणि पहिल्याच तपासणीत तू..." एवढं बोलून ते थांबले, पण पुढचा शब्द काय होता ते बायकोला कळलं.

"हे बघ," ती म्हणाली, "मी रोज इतक्या लोकांचे डोळे तपासते. नंबर निघाला म्हणून कुणाला नापास नाही करत. नंबर कळला की चष्मा करता येतो, एवढंच." घर आलं तेव्हा म्हणाली, "मला भीती वाटतेय रे. तू लवकर देऊन ये."

घरी आईनं सगळं ऐकून घेतलं आणि मान उडवली. "आमच्याकडे असलं काही नाही हो. सात पिढ्यांत कुणी आजारी म्हणून पडलं नाही."

"आणि बाबा?" नापासरावांनी विचारलं.

"ते कुठे आजारी पडले? ते एकदम गेलेच."

आईच्या बोलण्यातलं 'आमच्याकडे' बायकोला नेमकं लागलं. ती ताटं घ्यायला आत गेली आणि ताटं जरा जोरात वाजली. अशा वेळी नवऱ्यानं चार शब्द बोलायचे असतात. नापासराव मूग गिळून बसले, कारण आईच्या बोलण्यानं त्यांना मनातून बरंच वाटत होतं. सात पिढ्या ठणठणीत, मग सुई टोचून घ्यायची गरजच काय?

तेवढ्यात वरच्या मजल्यावरचे काका आले. हे काका पाणीपुरवठा खात्यातून निवृत्त झालेले. जगातली कुठलीही अडचण ही शेवटी नळाची अडचण असते अशी त्यांची पक्की समजूत. त्यांना कुणी काही सांगावं लागत नाही, जिन्यातूनच सगळं समजतं.

"चारात एक म्हणाली ना डॉक्टरीण?" काकांनी खुर्ची ओढली. "मग सोपं आहे. चौथं होऊ द्यायचं नाही. तिनावर थांबा."

"काका, तसं नसतं," बायको आतून म्हणाली. "प्रत्येक वेळी चारात एक. पहिल्या वेळीसुद्धा."

"असं कसं? काही हिशेब आहे की नाही!" काकांना हे अजिबात पटलं नाही. मग ते नापासरावांकडे वळले. "तू एक कर. जायच्या आधी तांब्याभर पाणी पी. पाणी भरलं की दाब येतो, दाब आला की धार लागते. नाहीतर कोरड्या पाइपात शोधत बसतात लेकाचे, इकडे टोच, तिकडे टोच. माझ्या मेव्हण्याला सहा ठिकाणी टोचलं होतं."

नापासरावांनी खुर्चीचा हात घट्ट धरला. त्या रात्री त्यांना जेवण गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी तांब्याभर पाणी पिऊन ते मोठ्या रुग्णालयात पोचले. चिठ्ठीवर लिहिलं होतं, 'प्रसूतिपूर्व विभाग'. लांबलचक रांग, सगळ्या बायका, कुणी अवघडलेल्या, कुणी नुकत्याच सुरुवातीच्या, आणि मधोमध कडक इस्त्रीच्या शर्टात नापासराव. त्यांचा नंबर आला तेव्हा पाण्याचा दाब खरोखरच वाढलेला होता, पण काकांनी सांगितलेल्या ठिकाणी नव्हे.

खिडकीतल्या बाईनं नाव लिहून घेतलं, वय लिहून घेतलं आणि मान वर न करता विचारलं, "शेवटची पाळी?"

"कुणाची?"

"पेशंटची."

"पेशंट मी आहे."

"मग तुमची."

रांगेत मागे खसखस पिकली. नापासरावांनी आवाज खाली आणून आपण बाळाचे वडील आहोत, फक्त रक्त द्यायचं आहे, हे समजावून सांगितलं. बाई चांगली होती. तिनं सगळं ऐकून घेतलं. "पण ही जागा भरल्याशिवाय संगणक पुढे जात नाही हो."

"मग पुरुष म्हणून लिहा."

"या विभागात तसं लिहायची सोयच नाही. इथे पुरुष येत नाहीत."

"मी आलोय ना!"

"ते मला दिसतंय. संगणकाला दिसत नाही."

दुसरा कुणी असता तर भांडला असता. पण नापासरावांनी स्वतः आजवर एकेक रकाना रिकामा ठेवला म्हणून किती लोकांना परत पाठवलं होतं! कोणत्या तोंडानं भांडणार? शेवटी बाईनं बायकोचीच तारीख टाकली, मशीन घरघरलं आणि एक गुलाबी कार्ड बाहेर आलं. वर नापासरावांचं पूर्ण नाव, खाली बाळंतपणाची अंदाजे तारीख. "हे हरवू नका," बाई म्हणाली, "दर वेळी लागेल." नातेवाइकाचा फोन म्हणून त्यांनी बायकोचा नंबर दिला.

रक्त घ्यायच्या खोलीबाहेर एका पोटुशा बाईनं सरकून त्यांना बाकावर जागा दिली. "पहिलंच का?" तिनं सवयीनं विचारलं आणि मग स्वतःच जीभ चावली. नापासराव "हो" म्हणाले. खोटं तरी कशाला बोलायचं?

मग पुकारा झाला. आत गेले, खुर्चीवर बसले, बाही वर केली आणि समोर बघतात तर काय! पांढऱ्या कोटातली ती बाई त्यांच्याकडे बघून गोड हसत होती. त्यांनी तिला लगेच ओळखलं. तीनदा नापास केलं होतं. पहिल्यांदा हँडब्रेक सोडायला विसरली म्हणून, दुसऱ्यांदा आरशात बघितलं नाही म्हणून, आणि तिसऱ्यांदा काहीच चूक सापडली नाही तेव्हा 'आत्मविश्वास कमी' असं लिहून.

"या सर," ती म्हणाली. "हात सरळ. सैल सोडा. असा थरथरवायचा नाही." तिनं दंडाला पट्टा आवळला. मग तिनं सुई काढली. "घाबरू नका हं सर. घाबरणाऱ्यानं..."

वाक्य तिनं पुरं केलं नाही. ती खरोखर चिडवत होती की सहज बोलली, हे नापासरावांना अजूनही ठरवता आलेलं नाही. त्यांना फक्त सुई दिसत होती.

"गाडी!" ते एकदम उठले. "गाडी चुकीच्या जागी लावलीय बहुतेक! आलोच!" आणि दंडाला पट्टा तसाच, बाही तशीच वर, असे ते जे निघाले ते थेट आपल्या गाडीत येऊन बसले. गाडी अगदी योग्य जागी, दोन रेषांच्या बरोबर मधे उभी होती.

इथवर तरी माणूस माफ करेल. भीती काय, कुणालाही वाटते. पण घरी दार उघडून बायकोनं "दिलंस?" असं विचारलं, आणि तिचा चेहरा इतका आशेनं भरलेला होता की नापासरावांच्या तोंडून "हो" निघून गेलं. बरं, निघून गेलं तर गेलं, पण कोपराच्या खळगीत कापसाचा बोळा आणि वर चिकटपट्टीही होती. ती त्यांनी गाडीतल्या प्रथमोपचार पेटीतून काढून येतानाच लावून घेतली होती. म्हणजे हे तोंडातून निसटलेलं वगैरे काही नव्हतं, पुरती तयारी होती. ते स्वतः सांगताना इथे थांबतात आणि म्हणतात, "असा मी माणूस."

आईनं गरम दूध दिलं. "रक्त काढलंय बिचाऱ्याचं, तोंड बघा कसं उतरलंय." बायकोनं पाठीमागे उशी ठेवली. नापासराव दूध प्यायले. उद्या जाऊन गुपचूप देऊन येऊ, असं त्यांनी मनाशी ठरवलं होतं. पण उद्या कार्यालयात गर्दी निघाली, परवा डोकं दुखलं, आणि मग पुढे काही ना काही निघतच गेलं. बायको रोज विचारायची, "आला का रे निकाल?" आणि हे रोज म्हणायचे, "त्यांचं काय, त्यांना वेळ लागतोच."

इकडे रुग्णालयाचा संगणक मात्र आपलं काम चोख करत होता. नापासरावांच्या फोनवर संदेश यायला लागले. 'अभिनंदन! तुमच्या बाळाला आता बोटं फुटली आहेत.' 'ताई, आज मळमळतंय का? थोडं थोडं खा.' मळमळत तर होतंच. रोज बायकोच्या नजरेला नजर देऊन खोटं बोलायचं म्हणजे दुसरं काय होणार?

आणि मग सुट्टीच्या दिवशी सकाळी बायकोचा फोन वाजला. सगळे स्वयंपाकघरातच होते. बायकोचे हात पिठाचे, म्हणून तिनं कोपरानंच फोन चालू केला आणि आवाज मोठा ठेवला. काका वर्तमानपत्र न्यायला म्हणून आले होते आणि नेहमीप्रमाणे बसले होते.

"प्रसूतिपूर्व विभागातून बोलतेय," पलीकडून आवाज आला. "तुमच्या घरच्या गर्भवतीची रक्ततपासणी राहिलीय. उशीर करून चालणार नाही."

"नाही हो," बायको म्हणाली, "माझ्या सगळ्या झाल्यात."

"तुमच्या झाल्यात, दिसतंय मला. तुमच्या घरातल्या दुसऱ्या गर्भवतीची राहिलीय."

आईची नजर सुनेवरून निघाली, घरभर फिरली आणि स्वतःवरच येऊन थांबली, कारण घरात तिसरी बाईच नव्हती.

"मी नाही हो!" आई म्हणाली, आणि कशी कुणास ठाऊक, हे ती काकांकडे बघून म्हणाली.

"माझ्याकडे काय बघताय?" काका ताडकन उठले.

"नाव आहे..." असं म्हणून फोनवरच्या बाईनं नापासरावांचं खरं, भारदस्त, संपूर्ण नाव वाचलं. "इथे शेरा लिहिलाय, 'सुई बघून पळून गेल्या.' त्यांना जरा समजावून सांगा ना. या दिवसांत असं घाबरतात बायका."

काकांनी आयुष्यात पहिल्यांदा काही न बोलता वर्तमानपत्र उचललं आणि ते जिना चढून गेले.

बायकोनं हात धुतले, पुसले. आरडाओरडा केला असता तर परवडलं असतं. तिनं फक्त विचारलं, "आणि ती चिकटपट्टी?"

"गाडीतली," नापासराव म्हणाले.

"मला वाटत होतं निकाल वाईट आलाय आणि तू माझ्यापासून लपवतोयस," ती म्हणाली. "रोज तुझ्या तोंडाकडे बघून मी अंदाज बांधत होते. दुकानात लोकांना अक्षरं वाचायला सांगत होते आणि मलाच पुढचं काही दिसत नव्हतं. तुला सुईची भीती वाटते, हे बोलायची लाज वाटली. आणि मला असं ताटकळत ठेवायची नाही वाटली?"

नापासरावांना धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. त्यांनी आईकडे बघितलं. लहानपणापासून आई त्यांच्या बाजूनं उभी राहत आली होती. आई म्हणाली, "चप्पल घाल. आणि तिची माफी माग. आधी माफी माग, मग चप्पल घाल."

दोन्ही करून ते निघाले. बायको बरोबर आली, पण गाडीत मागच्या सीटवर बसली.

पांढऱ्या कोटातल्या बाईनं विचारलं, "सर, गाडी आज नीट लावलीत ना?" नापासरावांनी खुर्चीवर बसून हात पुढे केला आणि आयुष्यात कुणाला म्हटलं नव्हतं ते म्हटलं. "मॅडम, मला फार भीती वाटते हो. टेबलाखाली लपावंसं वाटतंय."

"मग इकडे बघू नका," ती म्हणाली. "त्यांच्याकडे बघा." बायको दाराशी उभी होती, हाताची घडी घालून. नापासराव तिच्याकडे बघत राहिले. मुंगी चावल्यासारखं काहीतरी झालं. "झालं," बाई म्हणाली. "एवढंच?" असं म्हणत ते रुबाबात उठले, आणि तिथल्या तिथे आडवे झाले.

शुद्धीवर आले तेव्हा ते एका खाटेवर होते, भोवती गुलाबी पडदा, कपाळावर टेंगूळ. रिकामी खाट त्याच विभागात होती, त्याला कोण काय करणार? पडदा सरकवून एक नवी परिचारिका आत आली. खाटेला अडकवलेलं गुलाबी कार्ड तिनं वाचलं, हातातल्या छोट्या यंत्राला थंडगार जेली लावली, "बाळाचे ठोके बघू या हं ताई," असं म्हणत चादर खाली केली आणि शर्ट वर सारला. पोट तसं होतंच. ती यंत्र टेकवणार तेवढ्यात तिची नजर वर मिशांकडे गेली.

तिच्या किंकाळीनं सगळा विभाग जमा झाला. आणि गर्दीच्या मागून हसण्याचा आवाज आला. बायको भिंतीला टेकून, पोट धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसत होती. किती दिवसांनी हसली होती! नापासराव जेली लागलेलं पोट घेऊन तसेच पडून राहिले. त्यांना वाटलं, हसू दे, आणखी थोडा वेळ हसू दे.

ते हसू फार टिकलं नाही. निकाल आला. डॉक्टरीणबाईंनी कागद बाजूला ठेवला आणि सरळ सांगितलं, "तुम्हीही वाहक आहात."

आई बरोबर आली होती. "ह्याच्या वडिलांकडचं असणार," ती लगेच म्हणाली. पण मग सुनेकडे बघून तिनं तिचा हात हातात घेतला. पुढे आईचंही रक्त तपासलं, तेव्हा तो दोष तिच्याकडूनच आलेला निघाला. सात पिढ्यांचा उल्लेख त्यानंतर घरात कुणी केला नाही.

आता बाळाची तपासणी. पोटातून एक लांब सुई घालून वारेचा अगदी इवलासा तुकडा काढायचा. त्यात थोडा धोका असतो, करायची की नाही हे तुम्ही दोघं ठरवा, असं डॉक्टरीणबाई म्हणाल्या. दोघं घरी येऊन बराच वेळ बोलत बसले. शाळेतल्या खिडकीची गोष्टही नापासरावांनी तेव्हाच सांगून टाकली.

"आणि बाळाला आजार निघाला तर?" नापासरावांनी विचारलं.

"तर काय करायचं ते तेव्हा बघू. पण तू तेव्हा खिडकीतून उडी मारायची नाहीस," बायको म्हणाली. "मला एकटीला नाही जमणार ते."

"नाही मारणार," नापासराव म्हणाले.

तपासणीच्या दिवशी डॉक्टरीणबाईंनी त्यांच्या कपाळावरच्या टेंगळाकडे बघून सुचवलं की बाबांनी बाहेर बसलेलं बरं. नापासराव म्हणाले, "मी आतच थांबतो. पडलो तर पडू द्या, उचलू नका." सुई निघाली ती स्वेटर विणायच्या सुईएवढी. बायकोनं त्यांचं मनगट धरलं, आणि तेव्हा त्यांना कळलं की तिचाही हात गार पडलाय. म्हणजे ती घाबरतच नव्हती असं काही नाही. फक्त तिला पळून जायची सोय नव्हती.

समोरच्या पडद्यावर बाळ दिसत होतं. डोकं, पोट, आणि एक हात, जो मधेच वर आला आणि खाली गेला. नापासराव डोळे फाडून बघत राहिले. कुणाची काही चूक न काढता ते इतका वेळ कुणाकडे कधी बघत बसले नव्हते. सुई केव्हा आत गेली, केव्हा बाहेर आली, त्यांना समजलंच नाही. बायकोनं हूं की चूं केलं नाही, पण त्यांच्या मनगटावर तिच्या नखांचे वण बरेच दिवस राहिले.

मग वाट बघणं. ते दिवस कसे काढले ते त्यांनाच ठाऊक. आई उगाचच कपाटं आवरायची. काका संध्याकाळी येऊन फळं ठेवायचे, थोडा वेळ बसायचे आणि एकही सल्ला न देता परत जायचे. त्यावरून काय ती परिस्थिती ओळखा. कार्यालयात नापासराव गाडीत बसायचे, पण मांडीवर गुणांच्या कागदाबरोबर आता फोनही असायचा. परीक्षा चालू असताना फोन बंद ठेवायचा, हा नियम त्यांनीच भिंतीवर लावलेला होता.

त्या दिवशी एक शिंपीणबाई चौथ्यांदा परीक्षेला आली होती. मध्यम वयाची, भित्री, सीटच्या अगदी कडेला बसून स्टिअरिंगला लोंबकळल्यासारखी गाडी चालवणारी. भर रस्त्यात फोन वाजला. बायकोचं नाव दिसलं.

"गाडी बाजूला घ्या," नापासराव म्हणाले.

हाही परीक्षेचाच भाग असणार, असं शिंपीणबाईला वाटलं. तिनं आरशात बघितलं, इशारा दिला, मान वळवून मागे बघितलं आणि गाडी अगदी सुरेख बाजूला घेतली. नापासरावांचं लक्ष नव्हतं.

"आला," फोनवर बायको म्हणाली. नाक ओढल्याचा आवाज आला. मग एकदम म्हणाली, "बाळ आपल्यासारखंच आहे रे, नुसतं वाहक. आजार नाही. ऐकतोयस ना? आजार नाही."

"हं," नापासराव म्हणाले. फोन मांडीवर पडला. त्यांनी दोन्ही हातांनी तोंड झाकलं आणि ते हमसून हमसून रडायला लागले. खांदे गदगदत होते, नाक वाहत होतं, गुणांचा कागद भिजत होता. साऱ्या शहराला रडवणारा माणूस शाळकरी पोरासारखा रडत होता आणि त्याला त्याचं काही वाटत नव्हतं.

शिंपीणबाईनं घाईघाईनं हँडब्रेक ओढला. "सर, मी आरशात बघितलं होतं हो!" ती म्हणाली. "इशारापण दिला होता!" रडणं थांबेना, तशी तिनं आपला रुमाल त्यांच्या हातात कोंबला. "सर, असं नका ना करू. एवढी वाईट चालवली का मी? मी येईन ना पुढच्या महिन्यात. मला सवय आहे."

नापासरावांनी नाक पुसलं. "पुढच्या चौकातून डावीकडे घ्या," ते म्हणाले.

"हा परीक्षेचा रस्ता नाही सर."

"नाही. तरी घ्या."

तिनं घेतलं. मग उजवीकडे, मग बाजारातून, हातगाड्या चुकवत, दोनदा गाडी बंद पडून पुन्हा चालू करत, ती त्यांना सांगितलेल्या ठिकाणी घेऊन गेली. चष्म्याच्या दुकानासमोर गाडी थांबली तेव्हा पुढचं चाक फुटपाथवर चढलेलं होतं. नापासराव गाडी पुरती थांबायच्या आतच उतरले, दार उघडंच टाकून. दुकानातून बायको बाहेर आली, हातात तपासणीचा चष्मा तसाच, डोळे लाल, आणि भर रस्त्यात, भर दुपारी, दोघं एकमेकांना धरून उभे राहिले.

परीक्षा संपली असं काही कुणी सांगितलेलं नव्हतं, म्हणून शिंपीणबाई दोन्ही हात स्टिअरिंगवर ठेवून, आरशात बघत, तशीच बसून राहिली.